तारणाची नोंद: खर्च किती आणि वसुलीच्या रांगेत तुमचा नंबर कितवा?

भिवंडीचा कापडधंदा उधारीवर चालतो. सूत उधार येते, माग बँकेच्या कर्जावर बसतात, ग्रे कापड उधारीवर जाते आणि मजुरीचा हिशेब महिनोन्‌महिने लांबतो. धंदा नीट चालला तर सगळ्यांचे पैसे मिळतात. एखादा कारखाना बंद पडला की मात्र बँक, पतसंस्था, विक्रीकर खाते, भविष्य निर्वाह निधी कार्यालय, सूतवाले शेठ आणि मजुरीवर विणणारा मागवाला असे सगळे एकाच गाळ्याच्या दारात उभे राहतात. माल तेवढाच, मागणारे अनेक. मग आधी कोणाचे पैसे द्यायचे?

कायद्याचे उत्तर स्पष्ट आहे. ज्याने तारण घेतले आणि वेळेत त्याची नोंद केली, त्याचा नंबर पुढे. तारणाचा करार कितीही भक्कम असो, नोंद नसेल तर तो करार देणाऱ्या-घेणाऱ्या दोघांपुरता राहतो. तिसऱ्यासमोर त्याचे वजन घटते. ही नोंद करायला लाखो रुपये लागतात, हा समज चुकीचा आहे. मुद्रांक शुल्क सोडले तर नोंदणीचा खर्च बहुतेक वेळा काही शे ते दोनेक हजार रुपयांत आटोपतो. तो कुठे, किती आणि कोणाला भरावा लागतो, त्याचा हा हिशेब.

जळगावच्या बँकेने काय शिकवले

३० ऑगस्ट २०२२ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने जळगाव जनता सहकारी बँक विरुद्ध विक्रीकर सहआयुक्त आणि त्यासोबतच्या इतर याचिकांवर निकाल दिला. कर्जदाराने बँकेला मालमत्ता गहाण दिली आहे आणि त्याच्याकडे राज्याचा विक्रीकरही थकला आहे. अशा वेळी लिलावाच्या पैशावर पहिला हक्क कोणाचा, हा मुख्य प्रश्न होता. महाराष्ट्राच्या व्हॅट कायद्याचे कलम ३७ राज्याच्या थकबाकीला पहिला बोजा देते. दुसरीकडे तारणाचा ताबा घेऊन वसुली करू देणाऱ्या केंद्राच्या सरफेसी कायद्यात २०१६ च्या दुरुस्तीने प्रकरण ४-अ घालण्यात आले आणि ते २४ जानेवारी २०२० पासून अमलात आले. त्यातले कलम २६-ई सांगते की तारणाची नोंद केंद्रीय नोंदणी संस्थेत झाली असेल, तर तारणधारक धनकोचे पैसे केंद्र, राज्य आणि स्थानिक संस्थांच्या करांच्या आधी द्यायचे.

पूर्णपीठाने बँकांच्या बाजूने कौल दिला, पण एका अटीवर: नोंद असली पाहिजे. नोंद नसेल तर हा अग्रक्रम मिळत नाही. कर खात्याने २४ जानेवारी २०२० च्या आधीच कायदेशीर जप्ती करून ती रीतसर जाहीर केली असेल, तर त्या प्रकरणांचा विचार वेगळा होतो, हेही न्यायालयाने सांगितले. कायद्याच्या त्याच प्रकरण ४-अ मधले कलम २६-डी आणखी कडक आहे. नोंद केल्याशिवाय तारणधारकाला सरफेसीखाली ताबा किंवा लिलाव करताच येत नाही.

सहकारी बँकांना सरफेसी वापरता येतो का, यावरचा वादही मे २०२० मध्ये संपला. पांडुरंग गणपती चौगुले विरुद्ध विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँक या कोल्हापूर जिल्ह्यातल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सहकारी बँकांना तो अधिकार असल्याचे ठरवले. म्हणजे तुमचे कर्ज राष्ट्रीयीकृत बँकेचे असो वा नागरी सहकारी बँकेचे, नियम एकच.

पैशात सांगायचे तर

समजा, भिवंडीच्या नारपोलीतला एक कारखाना बंद पडला. बँकेचे येणे २५ लाख, विक्रीकराचे १० लाख, सूत व्यापाऱ्याचे ६ लाख. खर्च वजा जाता लिलावातून ३० लाख हाती आले.

बँकेची नोंद असेल तर: बँकेला पूर्ण २५ लाख, उरलेले ५ लाख कर खात्याला, सूत व्यापाऱ्याला शून्य.

बँकेची नोंद नसेल तर: कर खात्याला १० लाख, बँकेला २० लाख, सूत व्यापाऱ्याला दोन्ही वेळा शून्य.

बँकेचे पाच लाख केवळ नोंदीअभावी गेले. ती बँक सहकारी असेल, तर हे पाच लाख शेवटी सभासद आणि ठेवीदारांचेच. आणि वसुलीत जेवढी तूट येईल तेवढ्यासाठी बँक जामीनदाराकडे वळते. म्हणून नोंद झाली की नाही, ही चौकशी कर्जदारानेही करावी आणि जामीनदारानेही.

कुठे किती खर्च

१. सेरसाई. ही केंद्रीय नोंदणी संस्था ३१ मार्च २०११ रोजी सुरू झाली. गाळा, जमीन, यंत्रे, माल आणि येणे रकमा यांवरच्या तारणाची नोंद येथे ऑनलाइन होते. ५ लाखांपर्यंतच्या कर्जाला ५० रुपये आणि त्यावरच्या कर्जाला १०० रुपये, अधिक जीएसटी. म्हणजे १८ टक्के धरून जास्तीत जास्त ११८ रुपये. कर्ज फिटल्यावर बोजा उतरवण्याला शुल्क नाही. शोध घेण्याचे शुल्क १० रुपये अधिक जीएसटी. हा शोध कोणीही घेऊ शकतो.

२. मुद्रांक शुल्क. खरा खर्च इथे आहे. महाराष्ट्रात मूळ दस्तऐवज ठेवून केलेल्या गहाणाला, तसेच नजरगहाणाला (यंत्रे-माल कर्जदाराकडेच ठेवून दिलेल्या तारणाला), ५ लाखांवरच्या कर्जासाठी रकमेच्या ०.३ टक्के शुल्क लागते. एका बँकेच्या कर्जासाठी त्याची कमाल मर्यादा १० लाख रुपये आहे. एकाच कर्जासाठी गहाण आणि नजरगहाण असे दोन दस्त होत असतील, तर पूर्ण शुल्क कोणत्या दस्तावर लावले आणि दुसऱ्यावर किती, हे बँकेकडून लेखी घ्या. तेच शुल्क दोनदा भरू नका.

३. नोटीस ऑफ इंटिमेशन. दस्तऐवज ठेवून गहाण झाले की ३० दिवसांत दुय्यम निबंधकांकडे ही सूचना दाखल करायची. नोंदणी कायद्यातली ही महाराष्ट्राची तरतूद १ एप्रिल २०१३ पासून लागू आहे. दाखल शुल्क १,००० रुपये आणि दस्त हाताळणी ३०० रुपये.

४. कंपनी असेल तर सीएचजी-१. कर्जदार प्रायव्हेट लिमिटेड असेल तर कंपनी निबंधकांकडे ३० दिवसांत बोजा नोंदवावा लागतो. शुल्क भागभांडवलावर ठरते: १ लाखाखाली २०० रुपये, ५ लाखांखाली ३००, २५ लाखांखाली ४००, १ कोटीखाली ५०० आणि त्यावर ६०० रुपये. ३० दिवस उलटले तर पुढचे ३० दिवस छोट्या कंपनीला तिप्पट, इतरांना सहापट जादा शुल्क. त्यानंतर आणखी ६० दिवस मिळतात, पण त्यात कर्जरकमेवर टक्केवारीने शुल्क लागते. १२० दिवस संपले की दार बंद. अशा बोजाची दखल कंपनीच्या अवसायनात अवसायकही घेत नाही आणि इतर धनकोही घेत नाहीत. कंपनीने टाळाटाळ केली तर धनको स्वतः अर्ज करू शकतो.

५. टेम्पो, ट्रक. आरसी पुस्तकावर बँकेचे नाव चढवण्यासाठी फॉर्म ३४. हलक्या वाहनाला १,५०० रुपये, मध्यम व जड वाहनाला ३,००० रुपये. कर्ज फिटल्यावर नाव उतरवायला फॉर्म ३५.

६. सातबारा. काल्हेर, राहनाळ, वळ, पुर्णे, माणकोली, दापोडा या गावांतली गोदामे शेतजमिनीच्या सर्वे नंबरांवर उभी आहेत. अशा ठिकाणी सातबाऱ्याच्या इतर हक्कात बँकेचा बोजा फेरफाराने चढला पाहिजे. डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत मिळतो; बोजा चढला का ते त्यावर पाहून घ्या.

वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकनकाराची फी आणि बँकेचे प्रक्रिया शुल्क हे सरकारी दर नाहीत. ते घासाघीस करून ठरवता येतात. कर्जमंजुरीच्या पत्रातच प्रत्येकाची रक्कम वेगळी लिहून मागा.

४० लाखांच्या कर्जाचा नमुना हिशेब

गाळा गहाण आणि माग नजरगहाण. कर्जदार छोटी प्रायव्हेट लिमिटेड कंपनी, भांडवल १० लाख:

- मुख्य दस्ताचे मुद्रांक शुल्क ०.३ टक्के: १२,००० रुपये
- नोटीस ऑफ इंटिमेशन: १,३०० रुपये
- सेरसाई, गाळा आणि माग मिळून दोन नोंदी: २३६ रुपये
- सीएचजी-१ वेळेत: ४०० रुपये
- एकूण: १३,९३६ रुपये

सीएचजी-१ ला पहिल्या ३० दिवसांनंतर उशीर झाला तर ४०० चे १,६०० रुपये होतात. ६० दिवसांच्या पुढे गेल्यास ०.०२५ टक्क्यांप्रमाणे आणखी १,००० रुपये, म्हणजे २,६०० रुपये. हा दंड परवडतो. मधल्या काळात दुसऱ्या कोणी पुढचा नंबर पटकावला तर ते परवडत नाही. कर्जदार एकट्याच्या मालकीचा धंदा किंवा भागीदारी असेल तर सीएचजी-१ लागू होत नाही. भिवंडीत असे कारखाने खूप आहेत. त्यांच्या बाबतीत यंत्रे आणि माल यांच्या तारणाची मुख्य सार्वजनिक नोंद सेरसाईच, म्हणून तिथली चूक भरून काढायला दुसरी जागा उरत नाही.

नजरगहाणातली गळती

जमीन हलत नाही, माग हलतात. एकाच मागांवर दोन कर्जे किंवा गुपचूप विक्री, ही भानगड इथेच होते. करारात मागांची बनावट, अनुक्रमांक आणि शेडचा पूर्ण पत्ता लिहा. कारखान्यात बँकेच्या नावाची पाटी लावून घ्या. गाळा भाड्याचा असेल तर मालकाकडून पत्र घ्या की आतली यंत्रे त्याची नाहीत आणि बँकेला ती नेऊ देण्यास तो हरकत घेणार नाही. कारखाना बंद पडल्यावर भाड्यासाठी कुलूप लागते आणि बँक व गाळामालक यांच्या वादात माग गंजतात.

भिवंडीत सूत आणि कापडाला आग लागणे नवीन नाही. विमा पॉलिसीत बँकेचे नाव असलेले ॲग्रीड बँक क्लॉज घालून घ्या. ते नसेल तर माल जळाल्यावर विम्याच्या पैशावरून नवा वाद उभा राहतो.

जुने माग विकत घेणाऱ्यांनी आणि भंगारात उचलणाऱ्यांनीही विक्रेत्याच्या नावावर सेरसाईत शोध घ्यावा. कलम २६-सी नुसार नोंद झालेल्या तारणानंतरची विक्री, भाडेपट्टा, जप्ती किंवा नवे गहाण हे सगळे त्या तारणाच्या अधीन राहते. रोजच्या धंद्यातल्या व्यवहारांना यातून सूट आहे. त्यामुळे बाजारात नेहमीप्रमाणे तागे विकत घेणाऱ्या कापड व्यापाऱ्याने घाबरू नये. पण मागच विकायला निघाले असतील तर तो रोजचा धंदा नव्हे.

मजुरीवर विणणाऱ्यांसाठी: खर्च शून्य

भिवंडीत अनेक मागवाले शेठचे सूत घेऊन मजुरीवर विणतात. त्यांच्याकडे तारणाचा करार नसतो, पण कायद्याने एक हक्क दिला आहे. करार कायद्याचे कलम १७० सांगते की मालावर श्रम किंवा कौशल्य लावणाऱ्याला त्या कामाची मजुरी मिळेपर्यंत तो माल अडवून ठेवता येतो. करारात उलट काही ठरले नसेल तर हा हक्क आपोआप मिळतो. मात्र तो त्याच लॉटच्या मजुरीपुरता आहे. मागच्या लॉटची थकबाकी म्हणून आजचे तागे अडवायचे असतील, तर तसे लेखी ठरलेले हवे. आणि माल एकदा दारातून बाहेर गेला की हक्क गेला.

शेठचे सूत कारखान्यात पडलेले असताना मागवाल्याच्या बँकेने शेडचा ताबा घेतला तर काय? सूत शेठचेच. पण ते सिद्ध करायला जीएसटीखालचे जॉबवर्क चलन आणि आवक-जावक वही लागेल. चलनाशिवाय सूत देणारा शेठ आपला माल दुसऱ्याच्या कर्जात अडकवतो.

मागवाल्यांनी उद्यम नोंदणी जरूर करावी. ती मोफत आहे. सूक्ष्म आणि लघु उद्योगाची मजुरी करार असला तरी ४५ दिवसांच्या आत द्यावी लागते; पुढे रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट, मासिक चक्रवाढीने व्याज लागते. पण याने नंबर बदलत नाही. जानेवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कोटक महिंद्रा बँक विरुद्ध गिरनार कॉरुगेटर्स या प्रकरणात ठरवले की एमएसएमई कायद्याखालच्या निवाड्याची वसुली सरफेसीखालच्या तारणधारकाच्या पुढे जाऊ शकत नाही. व्याज मोठे मिळेल, पण तारणधारकाच्या मागे.

सूत व्यापारी आणि पतसंस्था

सूत व्यापाऱ्याने फक्त बिल आणि आगाऊ चेक घेऊन उधार दिले तर तो विनातारण धनको. वरच्या हिशेबात त्याचे शून्य याच कारणाने. मोठी उधारी कंपनीला देत असाल तर नजरगहाण करार करून सीएचजी-१ दाखल करून घ्या. ही नोंद फक्त बँकांसाठी राखीव नाही. एकट्या मालकाला देत असाल तर गाळ्याचे गहाणखत दुय्यम निबंधकांकडे नोंदवा. व्याजाने पैसे देण्याचाच धंदा परवान्याशिवाय केला तर महाराष्ट्र सावकारी कायदा, २०१४ आडवा येतो, हेही ध्यानात असू द्या.

पतसंस्थेला सरफेसी वापरता येत नाही. तिची वाट सहकार कायद्याच्या कलम १०१ खालच्या वसुली दाखल्याची. त्यामुळे पतसंस्थेने नोंदणीकृत गहाणखत करावे आणि सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर बोजा चढवावा, यात हयगय नको. दुसऱ्या क्रमांकावर कर्ज देत असाल तर पहिल्या बँकेचे ना-हरकत पत्र आणि बाकी रकमेचा दाखला घ्या. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ४८ नुसार साधारणपणे आधीचे गहाण पुढे; पण कलम ७८ सांगते की आधीच्या धनकोच्या लबाडीमुळे किंवा घोर निष्काळजीमुळे दुसरा फसला, तर पहिल्याचा नंबर मागे जाऊ शकतो. मूळ दस्तऐवज कर्जदाराच्या हाती परत देणारी बँक हाच धोका पत्करते.

तुम्ही नोंद केली तरी पुढे राहणारे

कामगारांचे पैसे सुरक्षित आहेत आणि ते तसेच असावेत. भविष्य निर्वाह निधी कायद्याचे कलम ११(२) थकीत वर्गणीला पहिला बोजा देते. २००९ मध्ये महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बँकेकडे तारण असलेल्या साखरेवरही हा हक्क पुढे मानला. कंपनी दिवाळखोरी संहितेखाली अवसायनात गेली तर प्रक्रियेच्या खर्चानंतर कामगारांची २४ महिन्यांची देणी आणि तारण सोडून देणारे धनको एकाच पायरीवर येतात. सरकारी कर खूप खालच्या पायरीवर. कर्ज देताना भविष्य निर्वाह निधीच्या चलनांच्या प्रती मागा, तेवढाच उपाय.

लिलावात गाळा घेणाऱ्याने वीजबिल वेगळे तपासावे. भिवंडीत २००७ पासून वितरण टोरेंट पॉवरकडे आहे. त्या जोडणीची बाकी लेखी घ्या. के. सी. निनान प्रकरणात मे २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की नियमांत तशी तरतूद असेल, तर जुन्या मालकाची वीजबाकी नव्या मालकाकडून मागता येते. गोदाम असेल तर एमएमआरडीएची बांधकाम परवानगी आणि जमीन भोगवटादार वर्ग २ ची (हस्तांतरणाला परवानगी लागणारी) आहे का, हेही पाहा. परवानगीविना बांधकाम असेल तर पहिल्या नंबरालाही फारसा अर्थ उरत नाही.

कर्ज फिटले की

शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम संपले, असे समजू नका. सेरसाईतली पूर्तता, कंपनी असेल तर बोजा उतरल्याचा फॉर्म सीएचजी-४, सातबाऱ्यावरचा बोजा कमी झाल्याचा फेरफार, वाहन असेल तर फॉर्म ३५ आणि मूळ दस्तऐवज, या पाच गोष्टी हातात घ्या. घरकर्जासारख्या वैयक्तिक कर्जांत मूळ दस्तऐवज परत देण्याला रिझर्व्ह बँकेने १ डिसेंबर २०२३ पासून ३० दिवसांची मुदत घातली आहे. उशिराला दिवसाला ५,००० रुपये भरपाई. धंद्याच्या कर्जाला ती सवलत नाही. तिथे पाठपुरावा तुम्हालाच करावा लागेल, कारण न उतरलेला जुना बोजा पुढच्या कर्जाची वाट अडवतो.

कर्ज देण्या-घेण्याआधी

- सेरसाईत मालमत्ता आणि कर्जदार, दोन्ही नावांनी शोध.
- कंपनी असेल तर १०० रुपयांत निबंधकांकडची कागदपत्रे पाहणे.
- नोंदणी खात्याच्या (आयजीआर) ई-सर्चवर सूची क्रमांक २ आणि सातबारा.
- पैसे सोडण्याच्या दिवशीच सेरसाईत नोंद. पावती आणि नोंदणी क्रमांकाची प्रत कर्जदार आणि जामीनदार दोघांकडे.
- बोजाच्या नोंदीतला गाळा क्रमांक, सर्वे नंबर आणि कर्जदाराचे नाव अक्षरन्‌अक्षर तपासणे.

भिवंडीतल्या प्रत्येक कारखान्यामागे कोणाची तरी ठेव, कोणाचे सूत आणि कोणाची मजुरी आहे. धंद्यातली मंदी कोणाच्या हातात नसते, पण नोंदणी आपल्या हातात असते. ११८ रुपयांची नोंद आजच्या आज करा, आणि तुमचे कर्ज कुठेही असले तरी बँकेकडून सेरसाईचा नोंदणी क्रमांक याच आठवड्यात मागून घ्या.